तीनदा उंबऱ्याशी

काल रात्री गंगावेशीत दूध प्यायला उभा होतो.
समोर म्हैस, धार थेट ग्लासात,
आणि दूधवाल्याच्या मोबाइलवर ती गात होती.

नाझ.
मिरवणुकीत जिच्या गाण्यानं
महाद्वार रोडच्या काचा दोन वर्षं थरथरल्या,
ती. चंदेरी जाकीट, एका बाजूनं डोकं भादरलेलं.
आता म्हणे तिनं जुनी गाणी गायलीत. अकरा.
भावगीतं, दोन नाट्यपदं, एक बैठकीची लावणी.
तालमीतली पोरं विचारतात, काका, हिला झालं काय?
आमच्या वयाचे विचारतात, हिला शिकवलं कुणी?

पाचवं गाणं लागलं
आणि माझा ग्लास ओठाजवळच राहिला.

नाझ म्हणजे नाझनीन, शिकलगाराची थोरली.
पापाच्या तिकटीला तिच्या बापाचं चाक,
समोर आमचं हॉटेल सुप्रभात.
सहा टेबलं, आणि गल्ल्यामागं रेकॉर्डचं मशीन,
ज्याला आबांशिवाय कुणी हात लावायचा नाही.
धार लावलेल्या सुऱ्या ती घेऊन यायची
पेपरात गुंडाळून,
मुठी आमच्याकडं, पाती स्वतःकडं.
पैसे मिळाले तरी हलायची नाही.
दाराच्या चौकटीला टेकून
गाणं संपेपर्यंत एका पायानं दुसरा पाय खाजवत.

हात मी लावला होता.
आबा बाजारात गेलेले, दुपार,
म्हटलं, रेकॉर्डवरची धूळ पुसावी.
टेबलं पुसायचं फडकं तेच,
त्यात साखरेचा एक कण.
एवढासा आवाज झाला.

तेव्हापासून दुसऱ्या अंतऱ्यात सुई अडकायची.
उंबऱ्याशी. उंबऱ्याशी. उंबऱ्याशी.
मग आबा बसल्या जागेवरून
गल्ल्याच्या टेबलावर मूठ मारायचे,
धप्प,
आणि बाई पुढं गायला लागायची.
नेहमीची गिऱ्हाइकं दुसऱ्या उंबऱ्यालाच
बशी उचलून धरायची, चहा सांडू नये म्हणून.
रेघ कुणी मारली, आबांनी विचारलं नाही.
मी सांगितलं नाही.
अठरा वर्षं रोज चार वेळा धप्प.

आता पेपरात छापून आलंय,
शब्दाच्या त्रिवार उच्चारातून विरहाची आर्तता,
तालवाद्याचा धाडसी वापर.
मी दूधवाल्याला म्हटलं, जरा मागं घे.
त्यानं घेतलं.
तीनदा उंबऱ्याशी. धप्प.
आणि त्याच्या मागं, कान दिला तर,
कपबश्या.

म्हटलं, हे माझे वडील.
तो म्हणाला, व्हय? काय वाजवत्यात?
काय सांगणार.
टेबल, म्हटलं.

घरी आल्यावर पुतणीनं मोबाइलवर
मूळ गाणं काढून दिलं, स्वच्छ केलेलं.
त्यात बाई उंबरा ओलांडून सरळ निघून गेली
एकदाही न अडखळता,
आणि अंधारात जिना उतरताना
शेवटची पायरी आहे समजून पाय टाकावा
तसं मला झालं.

सुप्रभातच्या जागी आता मोबाइलची कव्हरं मिळतात.
शिकलगाराचं चाक कुठं गेलं, माहीत नाही.
तो गेला ते ऐकलं होतं, उशिरा.
मी गेलो नाही भेटायला.
त्याच्या चार सुऱ्यांचे पैसे राहिले होते आमच्याकडं,
की दिले होते?

आज पार्सल आलं. मोठी चौकोनी पेटी.
आत काळी तबकडी, नवी कोरी,
तिच्यावर रेघ कुठंच नाही.
कव्हरच्या आत बॉलपेननं,
अक्षर अजून शाळेतलं:
सरनोबतकाका, आबांचं नाव वादकांत घालायचं होतं.
पण पूर्ण नाव कुणालाच माहीत नव्हतं.

कृष्णाजी. कृष्णाजी रामचंद्र सरनोबत.
मी मोठ्यानं म्हटलं. खोलीत कुणी नव्हतं.

मशीन माळ्यावर आहे. सुई नाही.
राजारामपुरीतला पोरगा म्हणाला, मिरजेत बघा.
शनिवारी जाईन.
फडकं मात्र आजच आणलं,
दोनदा धुऊन दोरीवर टाकलंय.