चौकशीच्या नावाखाली

मदुराईबाहेर ओत्तकडैला, हायकोर्टाच्या फाटकासमोर,
झेरॉक्सच्या दुकानात मागच्या अंगाला माझं टेबल.
पानाला वीस रुपये, घाईचं असेल तर तीस.
वकिलांनी खूण केलेल्या जागा तेवढ्या भरायच्या:
नाव, बापाचं नाव, ठाण्याचं नाव.
मधलं वाक्य मशीनमध्ये आधीपासूनच आहे,
चौकशीच्या नावाखाली पोलीस अर्जदारास त्रास देत आहेत.
दिवसातून आठ-दहादा. माझ्या रोझरीचे मणी सरकतात ना,
तसं ते सरकतं, मन भलतीकडे.

सुडलैमुत्तूला मी बापाचं नाव विचारलं
आणि तो गाडीचं सांगू लागला.
छोटा हत्ती. बहिणीच्या नवऱ्याबरोबर निम्म्यात घेतलेला,
कागद इसक्कीच्या नावावर, हप्ते याच्या खिशातून,
उडनगुडीहून ताडगूळ भरायचा आणि वळणावळणाने विकत यायचं.
मग बिनसलं. कशावरून, ते त्याने तीनदा सांगितलं
आणि तिन्ही वेळा वेगळं:
डिझेल. लग्नातला आहेर.
आईच्या सोळाव्याला पान आधी कुणापुढे मांडलं.

इसक्की ठाण्यात गेला. गुन्हा नाही, नोंद नाही,
नुसता फोन: संध्याकाळी सहाला ये.
हा गेला. बाकावर बसला. दहाला सोडलं.
दुसऱ्या दिवशी सहाला.
अशा सव्वीस संध्याकाळी.
गाडी ठाण्याच्या आवारात, किल्ली साहेबांच्या खणात,
किल्लीला रबरी मासा,
खण उघडला की बाकावरून त्याचं शेपूट दिसायचं.
दीड लाख, आठ हप्ते, इथे सही कर.
हा म्हणायचा, चष्मा घरी राहिला.
सव्वीस दिवस राहिला.

"मारलं नाही हो कुणी," तो म्हणाला,
"चहासुद्धा पाजला दोनदा.
मग याला छळ म्हणता येईल ना?"
माझे हात थांबले.
हे मला कुणी विचारत नाही, आणि विचारायचंही नसतं.

आणि आठला डबा यायचा.
भाचा आणायचा, इसक्कीचाच पोरगा,
पेच्चियम्माळने भावासाठी पाठवलेला,
चिंचेचं कालवण, वर एक अंडं.
नवरा आत साहेबांसमोर खुर्चीवर,
भाऊ बाहेर बाकावर,
पोरगा उंबऱ्यात, कुणाकडे बघावं न कळून.
"हे लिहू नका," तो म्हणाला.
तसंही, त्याला जागा नव्हती.

चौऱ्याण्णव नंबर. दीड मिनिट.
सरकारी वकील म्हणाले, त्रास नाही, नुसती चौकशी.
न्यायमूर्ती म्हणाले, वाद दिवाणी आहे,
पोलिसांनी त्यात पडू नये, बोलवायचं तर लेखी बोलवावं,
कायद्याप्रमाणे वागावं. अर्ज निकाली.
तो हात जोडून उभाच होता
आणि पंच्याण्णव नंबर सुरू झाला होता.

तीन आठवड्यांनी परत आला, चष्मा लावून.
फोन बंद झाले. साहेब रस्त्यात भेटले तर मान वळवतात.
गाडी तिथेच आहे, पारोसा पिंपळाखाली,
हौद्यात कुणाची तरी कोंबडी अंडी घालते.
जप्त केलेलीच नाही, म्हणून कागद नाही,
कागद नाही, म्हणून सोडायची कशी?
"किल्लीचं विचारलं, तर शिपाई म्हणाला,
कोर्टाचा हुकूम आहे, तुमच्या वादात आम्ही पडत नाही."

मग टेबलाच्या कडेला बोट घासत म्हणाला,
"बाई, असा अर्ज असतो का,
की मला एकदा तरी बोलवा?"

मशीनमध्ये शोधल्यासारखं केलं मी.

"सहा वाजले की पाय अजून चपला शोधतात," तो म्हणाला.
"आणि पोरगा आता आमच्या गल्लीत
क्रिकेट खेळायलासुद्धा येत नाही."
वीस रुपये ठेवले त्याने, काही न टाइप करता.
मी परत केले नाहीत. का, ते मलाही सांगता येणार नाही.