चौथा रकाना

त्रेसष्टचा आश्विन. कुडाळहून बदलीवर आलेला मी,
बावीस वर्षांचा, खिशात सरकारी टाक,
नागेशीच्या तळीकाठी शाळेचा बाक टाकून
मतदारांच्या याद्या करत होतो.
तळीत मासे इतके, की शाई सांडली असती
तर तीही त्यांनी खाल्ली असती.

देवकीबाय आली ती सूप घेऊनच.
मूठफंडाचे तांदूळ होते ते.
देवळामागच्या घरांतली प्रत्येक बाई
आधणात वैरायच्या आधी एक मूठ बाजूला काढायची,
सोळा वर्षं.
त्या मुठींतून एक शिवणयंत्र आलं,
सुईणीचा कंदील आला,
एक पोर नर्स व्हायला मुंबईला गेली,
आणि कार्बन लावून निघालं चार पानांचं मासिक,
जे पाखल्यांच्या सेन्सॉरला कधी सापडलं नाही
कारण ते लुगड्याच्या घडीत फिरायचं.
दर सोमवारी आरतीनंतर बायका जमायच्या.
भजनं दोन, हिशेब एक, भांडणं पुष्कळ.
भांडणं संपवून द्यायची ती देवकीबाय.

नाव?
देवकी.
वय?
ही तळी पाचदा उपसलेली पाहिलीय. लिही पन्नास.
नवऱ्याचं नाव?

ती पाखडत राहिली. कोंडा माझ्या कागदांवर आला.
'नवव्या वर्षी माझी शेंस झाली, कट्यारीशी.
कट्यारीचं नाव लिहितोस?'

रकाना रिकामा ठेवता येत नाही, बाई.

'रिकामा कसा? मला आई होती.
भिवरा. व-ला काना देऊ नकोस, र-ला दे.'

मी नियमांचं पुस्तक चाळलं.
मनाई कुठं नव्हती, परवानगीही दिसली नाही.
लिहिलं.
तिच्यामागे रांग होती, मला ती आधी दिसलीच नव्हती.
दिवे लागेपर्यंत माझ्या यादीत एकेचाळीस आया आल्या,
बहुतेक केव्हाच्या वारलेल्या.

चौथ्या दिवशी तिनं एका बाईला हाताला धरून आणलं.
बोरीच्या भाटकाराची लग्नाची बायको.
त्याच भाटकाराच्या घरी देवकीबाय
वीस वर्षं मागल्या दारानं गेली होती,
हे मला चहावाल्यानं नंतर सांगितलं.
बाईंचं नाव मुलानं आधीच नोंदवलं होतं:
'कै. भाटकारांची पत्नी.'
चौथा रकाना भरलेला. पहिल्यात कोणीच नाही.

'सांग याला.'
'रुक्मा,' बाई म्हणाल्या. 'त्यांनी ठेवलेलं. ताटातल्या तांदळावर, अंगठीनं.'
'तांदूळ शिजले केव्हाच. माहेरचं सांग.'

बराच वेळ गेला. तळीत कोणी पाय बुडवला, मासे सरकले.
'द्वारका.'
आणि बाईंनी मागं वळून पाहिलं,
कोणी हाक मारल्यासारखं.

डिसेंबरात मतदान झालं.
दोघी एकाच रांगेत, पुढेमागे,
शाईचं बोट पदराला लागू नये म्हणून
हात वेगळा, पुढं धरून बाहेर आल्या.
काय बोलत होत्या ऐकू आलं नाही.
बहुधा तांदळाचा भाव.

त्या रात्री कंदिलापाशी मी घरी पत्र लिहिलं.
पगार, हवा, जेवण. शेवटी एक ओळ:
आई, तुझं माहेरचं नाव काय गं?

पंधरा दिवसांनी उत्तर आलं, वडिलांच्या अक्षरात.
आई बरी आहे.