प्रत्येक घराचं एक मिनिट

सेलॉर्म चित्र धरते, मी आवाज.
अकरा वर्षं हा धंदा. धंदा कसला,
जनरेटर विकून बॅटऱ्या घेतल्या,
बॅटऱ्या भरायला जनरेटर भाड्यानं.
राजधानीतून पत्रं येतात, 'कळवण्यास खेद होतो',
ती त्यांच्या पाठीवर शॉट लिहिते.

केटाच्या पूर्वेला वाळूची ही पट्टी,
इकडे सरोवर, तिकडे समुद्र,
मध्ये कांद्याचे वाफे आणि माणसं.
समुद्र घर नेतो, पण एकदम नाही.
आधी न्हाणी, मग चूल,
मग जिच्यावर मुलांच्या उंचीच्या खुणा
ती भिंत.

त्याच्या आधी पोचायचं, एवढंच आमचं काम.
सेलॉर्म दाराला मांजरपाट ताणून लावते
आणि कोळसा घासते.
लाकडाच्या शिरा, कडीचा गोल,
कुणी सुरीनं कोरून अर्धवट सोडलेलं नाव
कापडावर उमटत जातं, अंगावर गोवर यावा तसं.
तोवर मी आत मांडी घालून बसतो,
सगळ्यांना म्हणतो, श्श्श.
एक मिनिट. नुसत्या खोलीचा आवाज.
संकलनात लागतो,
दोन वाक्यांमधली फट बुजवायला.
भिंतीतल्या लांबीसारखा. त्याचं कौतुक कुणी करत नाही.

सिनेमा झाला सत्तर मिनिटांचा.
कुठल्याशा थंड शहरात लोक उभे राहिले टाळ्यांसाठी.
काचेचं बक्षीस येताना बॅगेत तडकलं.

मग शाळेच्या भिंतीवर, इथे.
दहाव्या मिनिटाला म्हातारी अब्ला उठली.
'मागे घे. अजून मागे.
तो बघ, डबा घेऊन चाललाय. माझा याओ.'
कोपऱ्यात, धूसर, पाठमोरा कुणीतरी.
'पुढे वळून बघतो का तो?'
'पुढचं कापलं, आजी.'
'का?'
सेलॉर्मकडे उत्तर होतं. चांगलं, शिकलेलं उत्तर.
तिनं ते गिळलं.

दुसऱ्या दिवसापासून नऊ रात्री
आम्ही फेकलेलं सगळं दाखवलं.
शेळी, चाळीस मिनिटं.
हलता कॅमेरा, माझा अंगठा, कुणाची तरी खोकल्याची उबळ.
लोक आपापली भांडी मोजत होते.
एका रात्री कोडझोला शेजाऱ्याच्या फळीवर
स्वतःचा हरवलेला कंदील दिसला,
आणि सहा वर्षांनी भांडण जुंपलं,
दोघांचीही घरं आता पाण्यात.
बाहेर दोरीवर दारं वाळत घातल्यासारखी.
उंच अग्बेको आपल्या दाराखालून जाताना
कापड असूनही वाकला.

याओ वळला नाही. डबा ठेवून चौकटीबाहेर गेला.
अब्लानं ते पाच वेळा पाहिलं.

शेवटच्या रात्री चुकून माझी फाइल लागली.
भिंत काळी, आवाज चालू.
मी बंद करायला धावलो तर कुणीतरी हात धरला.
एकेक घर, एकेक मिनिट.
'हे डझोबोचं. त्याचा पत्रा उन्हात असाच टिकटिकायचा.'
'हे नाही आपलं, आपल्याकडे दार नीट लागायचं.'
पोरं पेंगली. डास. जनरेटर लांब.

एका मिनिटाला अब्ला ताठ बसली.
'हं. हे माझं.'
मला तर काहीच ऐकू येत नव्हतं,
यंत्राची बारीक सुंई सोडून.
'कशावरून, आजी?' मी विचारलं.

तिनं माझ्याकडे न बघता
ओठावर बोट ठेवलं.
श्श्श.