उजेडाला धरून

पेठ नाक्यावर, सकाळी साडेसातला,
सागाच्या पानावर मांडलेली अळंबी.
छत्र्या अर्ध्या मिटलेल्या, देठाला अजून वारुळाची माती.
जमनी भोये म्हणाली, वाटा शंभरचा.
विषारी तर नाही ना?
ती हसली नाही, रागावलीही नाही.
"काल रातच्याला पोरांनी खाल्ली.
पोरं आज शाळंत गेलीत."
याहून पक्का दाखला
कुठल्या खात्याकडे असतो?

मी छापखान्यातला माणूस. नाशिकरोडला
चौतीस वर्षं नोटा तपासल्या.
ताव उजेडाला धरायचा, कडेवरून बोट फिरवायचं,
कागदात लपलेला चेहरा, तारेची चमक, आकड्याची शाई.
जिथं काही चुकलंय
तिथं डोळा आपोआप थांबायचा.
घरी आलो की भाजीतही थांबायचा.
हेमलता म्हणायची, इथं शिक्का मारू नका.

तर खिडकीशी उभं राहून
एक अळंबी उजेडाला धरली.
छत्रीखाली बारीक चुण्या,
नुकत्या कापलेल्या बंडलाच्या कडेसारख्या.
चेहरा नाही, तार नाही, क्रमांक नाही.
मातीचा वास, आणि त्याच्या मागून
थोडा कोंबडीच्या रश्शाचा.

शेजारचे पगारे म्हणाले, चांदीचं नाणं टाका,
काळं पडलं तर फेकून द्या.
टाकलं. लक्ष्मीपूजनातलं. पडलं नाही काळं.
पण नाण्याला काय कळतं?
पैशाला विष ओळखता आलं असतं
तर माझी नोकरी निराळी असती.

हेमलताचे वरचे सगळे दात काढून पंधरा दिवस झाले.
कवळी टोचते, म्हणून वाटीत पाण्यात असते.
तेव्हापासून मुगाचं कढण, पेज आणि चिडचिड.
परवा एकाएकी म्हणाली,
तुमच्या निरोपाच्या जेवणात होतं ना, तसं सूप,
पांढरं, दाट,
त्यात चमचा जरा वेळ उभा राहिला होता.
मला त्या दिवशीची भाषणं आठवतात.
तिला चमचा.

ओल्या फडक्यानं पुसल्या एकेक.
भिजत घालू नको बाबा, जमनीनं बजावलं होतं.
लोणी, कांदा, लसणाच्या चार पाकळ्या.
अळंबी टाकली तर कढई शिगोशीग,
मग पाणी सोडत सोडत इतकीशी झाली.
(शंभराची नोटही बाजारात अशीच होते.)
चमचाभर मैदा, दूध बेताबेतानं,
आणि आठवड्याची साय, तुपासाठी राखलेली,
ते तिला सांगितलं नाही.
अर्धं मिक्सरमधून फिरवलं, अर्धं तसंच ठेवलं,
मग दात आठवले,
तेही फिरवलं.
वरून मिरी, खलबत्त्यात ठेचून.

ठरवलं होतं, आधी मी.
एक वाटी प्यायची, मग थांबायचं.
किती तास, ते कुणालाच विचारलं नव्हतं.
बाहेरच्या खोलीत बसून
स्वतःच्या पोटाकडे लक्ष देत होतो,
नव्या मशिनकडे पहिल्या पाळीत देतात तसं.
पाऊण तास गेला असेल.
आत पातेल्यावर डाव वाजला.

ओट्याशी ती. कवळी वाटीत.
वरच्या ओठावर पांढरी मिशी,
डावात उरलेलं बोटानं पुसून घेत होती.
अगं, थांबायचं होतं...
"कशाला? तुम्हाला एकट्याला काय होतंय
ते मी बघत बसू?"
आणि मग,
"मीठ कमी आहे."

मीठ घातलं.
दोन वाट्या घेऊन खिडकीत बसलो.
तिनं चमचा सुपात उभा करून सोडला.
राहिला. कलला. वाटीच्या काठावर टेकला.
मी सवयीनं तिच्या तोंडाकडे पाहिलं, निकालासाठी.
"चालेल," म्हणाली.