भुसभुशीत

तू हवेत असायचीस जेमतेम तीन सेकंद.
त्यासाठी आम्ही पहाटे चारला उठायचो,
सहा माणसं, सहा फावडी,
आणि मिशांवर गोठलेला आपापला श्वास.

उतरणीचा बर्फ रात्रीतून दगड होतो.
तो फोडायचा, उकरायचा, हाताने चाचपायचा,
मांडीभर खोल भुसभुशीत करायचा
वाफ्यासारखा,
ज्यात कोणी काही पेरणार नाही,
फक्त वरून एक पोरगी पडणार.

मग त्यावर पाइनची पानं विस्कटायची.
पांढऱ्यावर पांढरं दिसत नाही, यादविगा,
आणि डोकं खाली, पाय ढगात असताना
जमीन कुठल्या अंगाला आहे
हे कुणीतरी सांगावं लागतं.

बाब्रुइस्कच्या व्यायामशाळेतून तुला आणलं तेव्हा
तू बारा वर्षांची, कोलांट्यांत पटाईत,
आणि स्की पायात बांधून नुसतं उभं राहताना
कुंपणाला धरून रडलीस.
रिगोर म्हणाला, उडता येतं हिला,
चालायला शिकवू.

तो सगळा उन्हाळा तू तलावात पडत राहिलीस,
स्कीसकट, शिरस्त्राणासकट, नाकात पाणी.
तळातून हवेचे बुडबुडे सोडायचे
पाणी मऊ व्हावं म्हणून.
काठावर उभा राहून मी पाहिलं आणि हसलो:
माझाच धंदा, फक्त ओला.

त्याआधी मी ट्रॅक्टरच्या कारखान्यात होतो.
हिशेबाची सवय तिथली.
अठरा वर्षांत बारा हजार उड्या, गुणिले तीन.
दहा तास.
तुझं सगळं आकाश
एका पाळीत बसतं, ओव्हरटाइम धरून.

आता ते सांगतो जे रिगोरलाही सांगितलं नाही.

फेब्रुवारी होता, उणे चोवीस.
माझ्या फावड्याचा दांडा मोडला
आणि डावीकडची दोन हात पट्टी
तशीच राहिली. वरून भुरभुर बर्फ टाकला,
दिसायला सारखीच दिसत होती.
तिकडे कोण येतंय, म्हटलं.
तीन गिरक्या, दोन कोलांट्या,
खालून रिगोर ओरडत होता, थांब, थांब, आत्ता उघड!
आणि वाऱ्याने तुला
कडेवरच्या पोरासारखं उचलून
अलगद डावीकडे ठेवलं.

आवाज मी ऐकला. सुकी फांदी मोडावी तसा.
सगळे धावले. मीही धावलो,
आणि धावता धावता
बुटाने ती पट्टी उकरली.

दोन वर्षं गेली. गुडघ्यात दोन स्क्रू.
विशीतल्या पोरी तुझ्या रांगेत आल्या,
तुझ्याच खोलीत तुझ्याच खिळ्याला जॅकेट अडकवू लागल्या.
तू परत आलीस तेव्हा
उडी मारण्याआधी वर उभी राहून
खूप वेळ खाली बघायचीस.
लोक म्हणायचे, एकाग्रता.

पदक मिळालं ते दूर, समुद्रापलीकडे.
कँटीनच्या टीव्हीसमोर स्वयंपाकीण लुद्विका
हातात पळी घेऊन नाचली.
मी तुझ्याकडे पाहिलंच नाही.
मी उतरण पाहत होतो.
चांगली फोडलेली होती, कडेपर्यंत.
कोण असतील ती माणसं,
त्यांना कोणी गरम काही दिलं असेल का.

आता तू तेहतीस वर्षांची. पोरांना शिकवतेस,
जिना उतरताना कठडा धरतेस.
काल पहाटे अंधारात
सातवं फावडं ऐकू आलं.
तू काही बोलली नाहीस.
सरळ डाव्या कडेला गेलीस
आणि खणू लागलीस.

दांडा फार खाली धरतेस.
अशाने कंबर जाते.
सांगायला हवं, असं दोनदा वाटलं,
तोंड उघडलं,
वाफ तेवढी बाहेर आली.