जागा कमी आहे

बंदीच्या दोन महिन्यांत हर्णैला
आमच्या दुकानात दुरुस्तीला काय येतं, विचाराल तर
वायरलेस सेट नाहीत; ते होड्यांसोबत
झापांखाली निजलेले.
एखादा फिशफाइंडर, काचेत पाणी शिरलेला.
बाकी सगळे गेमचे डबे.

दुर्वेश पावशे आपला डबा घेऊन आला
मासळीच्या पिशवीतून, वर टॉवेल.
काकाने बहारीनहून आणलेला,
चिप आधीच बसवलेली; कुणी, कुठे, ते विचारत नाही मी.
चार स्क्रू. तीन गंजलेले.
खाऱ्या हवेला कंपनी कळत नाही.
रॉकेलचा थेंब सोडून थांबले,
मग तिसरी उघडतात तसा उघडला.
आत वाळू. असतेच. पंख्याच्या पात्यांवर चिमूटभर.

"गाड्यांचा हवाय, शबिस्ताताई. नवा. मोठा."
मोठाच होता, साडेसहा जीबी,
आणि चारच्या वरचा घास ह्या डिस्कला गिळता येत नाही.
म्हणून तोडायचा, सुरमई तोडतात तसा,
तुकड्यांना क्रमांक घालायचे,
डोकं आधी, शेपूट शेवटी,
एक तुकडा कमी पडला की पडदा काळा.
मग पिवळी केबल, लॅपटॉपपासून डब्यापर्यंत.
दोघांना एकाच वाडीतला पत्ता द्यायचा,
शेवटचा आकडा तेवढा निराळा.
मग ओळख पटते.

बारा टक्के. तेरा.
लाईट गेली, पाजपंढरीपासून आंजर्ल्यापर्यंत.
इन्व्हर्टरने डबा धरला, पंखा सोडला.
एकेचाळीसला आलं आणि अडलं:
जागा कमी आहे.

"तो फुटबॉल काढ," दुर्वेश म्हणाला,
आणि लगेच, "थांब."

निळ्या कपड्यांतला संघ. नाव: जलदुर्गा.
काकाने एका पावसाळ्यात बसून
होडीवरचे सगळे भरले होते,
इंग्रजी अक्षरांत, जमेल तसे.
गोलला तांडेल, म्हणजे ह्याचा बाप.
डावीकडे दिलबहादूर, उजवीकडे त्याचा मेहुणा,
दोघे नेपाळातून आलेले खलाशी.
बर्फाच्या कारखान्यातला साजिद मध्ये.
आणि भिकाजी डोर्लेकर, इंजिनवाला,
जेटीवर एक पाय ओढत चालणारा,
त्याच्या नावापुढे वेग: नव्व्याण्णव.

होडी गेल्या वर्षी विकली.
आता ती रत्नागिरीला मिरकरवाड्यात, रंग वेगळा, नावही.
काका पुन्हा बहारीनला.
"दिलबहादूर यंदा आला नाय," दुर्वेश म्हणाला. "फोन पण लागत नाय."

मी त्याला सांगितलं,
संघाची फाईल वेगळी असते. दोन एमबीसुद्धा नाही.
ती काढून ठेवता येईल.
"मग खेळतील?"
नाही. गेम नसेल तर नुसती फाईल.
आहेत एवढंच कळेल.

तो बराच वेळ टॉवेलची घडी घालत बसला.
मग म्हणाला, "काढ."

आधी पेनड्राइव्हवर घेतली.
दोनदा तपासली.
मग पुसलं; त्याला चार सेकंद लागले.
गाड्यांचा गेम सव्वा तासाने बसला,
सगळे तुकडे आपापल्या जागी,
कुठल्याशा परदेशी शहरात कोरडे ठणठणीत रस्ते.
दुर्वेश पहिल्याच वळणावर भिंतीला जाऊन आदळला
आणि खूश झाला.

दीडशे घेतले.
पेनड्राइव्ह नको म्हणाला, तुझ्याकडेच राहू दे,
आमच्या घरी काय टिकत नाय.
वहीत लिहिलं: जलदुर्गा, अकरा, ठेवायला.

अब्बा इतका वेळ कोपऱ्यात
मेलेला वायरलेस पुसत होते.
गेमचे डबे दुकानात त्यांना आवडत नाहीत.
तीस वर्षं ह्याच टेबलावरून
संध्याकाळी एकेका होडीला हाक मारली त्यांनी,
जलदुर्गेला शेवटी, कारण तांडेल
"ओव्हर" म्हणायचा विसरायचा आणि बोलतच राहायचा.

शटर ओढताना म्हणाले,
"अकराच नसतात ना गं संघात?
राखीव कोण होते?"

मी पाहिलंच नव्हतं.