तार

आयल्साचं काम म्हणजे होत्याचं नव्हतं करणं.
उडणाऱ्या माणसाच्या पाठीची तार,
राजवाड्यामागून डोकावणारा विजेचा खांब,
घोडेस्वाराच्या मनगटावर राहून गेलेलं घड्याळ.
सेकंदाला चोवीस चित्रं, चोवीस वेळा पुसायची,
आणि पुसल्याचंही दिसता कामा नये.
मिरामारच्या त्या अंधाऱ्या हॉलमध्ये
तेरा वर्षं मी तिच्या शेजारी बसलो.
बाहेर वेलिंग्टनचा वारा पत्रे उचकटायचा,
आत कुणाचे केस किती उडावेत
ते आम्ही ठरवायचो.

ब्लफहून तिचा बाप एकदा
इन्व्हरकार्गिलला सिनेमा बघायला गेला.
कालवं काढणारा माणूस, इस्त्रीचा शर्ट घालून.
दिवे लागले, लोक गेले, झाडूवाली पोरं आली,
तो उभाच.
सातव्या रांगेत नाव आलं, पाऊण सेकंद,
स्पेलिंग चुकलेलं.
फोनवर म्हणाला, "पाहिलं. पण तू त्यात केलंस काय?"
"काही दिसलं नाही ना? तेच."

पुढच्या मे महिन्यात तिनं राजीनामा दिला,
गाडी विकली,
एकाहत्तर मिनिटांचा सिनेमा केला:
बाप कालवं फोडतो.
बस्स.
सुरी, शिंपला, बोटाला चिकटपट्टी.
मी रजा काढून माइकचा दांडा धरला.

संकलनात दिसलं,
बाप इतक्या वर्षांनी आईचं नाव घेतो
आणि नेमका तेव्हाच वरच्या कोपऱ्यातून
माझा माइक खाली उतरतो,
ओल्या मांजरासारखा.
म्हटलं, "दोन तासांचं काम. पुसतो मी."
ती पडद्याकडं बघत राहिली.
"राहू दे.
हात भरून आला होता तुझा.
तू ऐकत होतास."

नऊ महोत्सवांनी नम्रपणे नाही म्हटलं.
एकानं कारणही दिलं: तांत्रिक चूक, मिनिट बावन्न.
मग ब्लफच्या बोटक्लबात, चादरीवर.
चौतीस माणसं, दोन कुत्री.
शेवटी नावं पाचच,
प्रत्येक नाव वाचून होईपर्यंत थांबणारं.
बापानं स्वतःचं मोठ्यानं वाचलं.

कर्ज होतंच. ऑगस्टात ती परत आली,
त्याच खुर्चीत.
एका देवदूताची तार पुसता पुसता थांबली.
चौकटीच्या अगदी काठाशी
तार ओढून धरलेली कुणाची तरी चार बोटं,
एका नखाला निळा रंग.
"कोण असेल रे हा?"
मला काय माहीत.

तार तिनं दहा मिनिटांत घालवली.
बोटांना संध्याकाळ झाली.